ज्याँ केरोदी : 'ल त्रू'मधला खरा रोलाँ

पडद्यामागे
युद्धोत्तर फ्रेंच सिनेमातल्या नटांचा विषय निघाला की ज्याँ गाबँ, जेरार फिलीप, मग थेट बेलमोंदो आणि दलाँ, इथेच यादी संपते. हा धागा ज्याँ केरोदीसाठी. पुढे शेवटासकट सगळं उघड केलेलं आहे, तेव्हा 'ल त्रू' पाहिला नसेल तर आधी पाहून या.

ज्याक बेकरचा हा शेवटचा चित्रपट. संकलनाचं काम उरकतानाच तो आजारी होता, २१ फेब्रुवारी १९६० रोजी वयाच्या ५३ व्या वर्षी गेला आणि चित्रपट १८ मार्चला पॅरिसमध्ये लागला. मूळ कादंबरी जोसे जोवानीची, १९५७ सालची. विषय १९४७ मध्ये पॅरिसच्या ला सान्ते तुरुंगातून झालेला पलायनाचा प्रयत्न. त्या कोठडीत खुद्द जोवानी होता आणि रोलाँ बार्बा नावाचा माणूसही होता. हाच बार्बा (१९२०–२००१) पडद्यावर ज्याँ केरोदी या नावाने आला आणि त्याच्या पात्राचं नाव ठेवलं रोलाँ दार्बाँ. म्हणजे स्वतःचीच भूमिका, दोनदा आडनाव बदलून.

चित्रपट सुरू होतो तो एका मोटारीशी. बॉनेटमध्ये डोकं घातलेला माणूस सरळ होतो, कॅमेऱ्याकडे वळतो आणि सांगतो की माझा मित्र ज्याक बेकर याने एक खरी गोष्ट तपशिलासकट उभी केली आहे, आणि ती गोष्ट माझी आहे. एवढं बोलून तो संपूर्ण चित्रपटात पुन्हा कधी आपल्याकडे बघत नाही.

माझं म्हणणं एवढंच : 'खरा कैदी आणून उभा केला, छान वास्तववाद' असं म्हणून केरोदीला निकालात काढतात, ते चूक आहे. ते काम अभिनयाचंच आहे, फक्त त्यातला बराचसा भाग हातांनी केलेला आहे. ज्यांनी चित्रपट बारकाईने पाहिलाय त्यांनी भर घालावी.

तिसरी_घंटा
धागा उत्तम, पण मुद्दा पटला नाही. सुतार रंधा मारतो त्याला आपण अभिनय म्हणत नाही. केरोदीला हे सगळं येत होतं, बेकरने त्याला ते करू दिलं आणि कॅमेरा लावला. अभिनय असेलच तर तो मार्क मिशेलचा, म्हणजे गास्पारचा, कोठडीत नव्याने आलेल्या आणि शेवटी फितूर होणाऱ्या पाचव्या कैद्याचा. गोड बोलणारा, सगळ्यांना आवडायला धडपडणारा आणि आतून पोकळ. ते खरं कठीण.

पडद्यामागे
@तिसरी_घंटा, तुमचा सुतारच घेऊ. एरवी सफाईने रंधा मारणाऱ्या सुतारासमोर कॅमेरा आणि दिवे ठेवा. एकतर तो दाखवून काम करू लागतो, नाहीतर चुकू नये म्हणून जपून करू लागतो. दोन्हीत कामाचा मूळ वेग जातो. केरोदीचा वेग जात नाही. हत्यार खाली ठेवताना तो त्याकडे बघत नाही, कारण ते परत कुठे सापडणार हे हाताला माहीत असतं. एकदा केलेली गोष्ट बारा वर्षांनी, सेटवर, पुन्हापुन्हा टेक देत तशीच करायची याला दुसरं काय नाव देणार?

आणि एक. रोलाँ हा कोठडीतला कारागीर आहे, पुढारी नाही. तो सूचना देतो तेव्हा आवाज चढवत नाही, कौतुक करत नाही, घाबरवत नाही. एखाद्या अनुभवी नटाने इथे 'शांत नेतृत्व' वगैरे उभं केलं असतं. केरोदी फक्त पुढचं काम काय ते सांगतो.

उलटी_चौकट
जमीन फोडण्याच्या दृश्याबद्दल कोणीच बोललं नाही अजून!

कोठडीच्या कोपऱ्यात लाकडी पट्ट्यांची जमीन, त्यावर पुठ्ठ्याचे ढीग. कैद्यांना खोकी घडी करण्याचं काम मिळालेलं असतं, त्यामुळे ढीग असणं साहजिक दिसतं. पट्ट्या उचकटल्या की खाली काँक्रीट. हत्यार म्हणजे घडीच्या खाटेचा लोखंडी तुकडा. मग जवळजवळ ४ मिनिटांचा एकच सलग शॉट. कॅमेरा जमिनीवर रोखलेला, चौकटीत हात, लोखंड आणि खळगा. एक दमला की दुसरा हात येतो. संगीत नाही, संवाद नावापुरते.

हा शॉट तोडला असता तर काय गेलं असतं, याचा विचार करून बघा. दोन घाव, कट, घामेजलेला चेहरा, कट, मोठा खड्डा. प्रेक्षकाला 'त्यांनी खड्डा पाडला' ही बातमी मिळाली असती. सलग शॉटमध्ये दोन गोष्टी होतात. कट नसल्यामुळे खोटी फरशी बदलून ठेवायला जागाच नसते, तेव्हा जे फुटतंय ते आपल्या डोळ्यांदेखत फुटतंय हे कळतं. दुसरं म्हणजे आवाज. पहिल्या मिनिटाला आपण फोडण्याकडे बघतो, दुसऱ्या मिनिटापासून दाराकडे कान लावून बसतो. भीती दाखवणारा एकही चेहरा चौकटीत नाही, भीती सगळी आपली.

छायाचित्रण गिस्लँ क्लोकेचं. पुढे दिग्दर्शक ब्रेसाँसाठी 'ओ आझार बाल्ताझार' (१९६६) आणि 'मूशेत' (१९६७) त्यानेच चित्रित केले. तळघरातल्या दृश्यांत उजेड हातातल्या दिव्यातूनच येतोय असं वाटतं. माणूस वळला की भिंत अंधारात जाते. आणि संगीत संपूर्ण कथाभागात शून्य. फिलिप आर्तुईची रचना फक्त शेवटच्या नामावलीत वाजते.

मातीकाम
वरच्या शॉटची बांधकामाच्या बाजूने फोड करतो, म्हणजे केरोदीच्या हातात नेमकं काय आहे ते कळेल.

काँक्रीट दाबाला बळकट, ताणाला कच्चं. सपाट जमिनीवर मारलेले पहिले घाव फक्त पीठ पाडतात, कारण तुकड्याला सुटून जायला बाजूला मोकळी जागा नसते. लोखंड जिथे आदळतं तिथे पांढरा ठिपका उठतो, बस्स. नवशिक्या इथेच चुकतो. त्याला वाटतं जोर कमी पडतोय, म्हणून तो वेगवेगळ्या ठिकाणी मारत सुटतो. खरं तर एकाच जागी मारत राहून आधी वाटीएवढा खळगा करायचा असतो. खळगा झाला की त्याला कड मिळते. मग मधोमध न मारता कडेच्या दोन बोटं बाहेर मारायचं, की कपची खळग्याकडे तुटून पडते. तिथून कामाचा वेग एकदम वाढतो. पडद्यावर हाच क्रम दिसतो : बराच वेळ नुसती धूळ, मग खडे, मग ढेकळं.

खाटेचा दांडा हातोड्यापेक्षा हलका, त्यामुळे प्रत्येक घावात ऊर्जा कमी. ती भरून काढायला वेग लागतो, आणि वेगाने दणकत राहिलं तर मिनिट-दोन मिनिटांत मनगट बधिर होतं. म्हणून पाळ्या. चित्रपटात माणूस बदलतो तो नाट्यासाठी नव्हे, त्याशिवाय ते काम होतच नाही.

आणखी एक हिशेब जो पलायनाच्या बहुतेक चित्रपटांत विसरला जातो : राडारोडा. फोडलेलं काँक्रीट किंवा खणलेली माती मूळ आकारमानाच्या साधारण दीडपट जागा खाते. घमेलंभर जागेतून दीड घमेलं निघतं. भोक आरपार होईपर्यंत ते सगळं कोठडीतच लपवावं लागतं, आरपार झालं की खाली सोडता येतं. पुठ्ठ्याचा ढीग म्हणूनच सोन्याच्या मोलाचा.

फ्रेंच_कट्टा
भाषेबद्दल थोडं. 'त्रू' म्हणजे भोक, खड्डा, बीळ. पण फ्रेंच बोलीत 'त्रूमध्ये टाकणे' म्हणजे तुरुंगात टाकणे. शीर्षकात दोन्ही अर्थ आहेत : ज्यातून सुटायचं ते भोक आणि ज्यात अडकलोय तेही भोक. मराठीत एका शब्दात हे जमवणं अवघड आहे. 'बीळ' त्यातल्या त्यात जवळचं. 'बिनभाड्याचं घर' तुरुंगासाठी झकास, पण त्यातून खड्डा निसटतो.

'सान्ते' म्हणजे आरोग्य, आणि पेला उंचावताना म्हणतात तोही हाच शब्द. तुरुंग १४ व्या प्रभागात र्‍यू द ला सान्ते या रस्त्यावर आहे, नाव रस्त्यावरून पडलं. १८६७ पासून चालू आहे. मोनालिसाच्या चोरीच्या प्रकरणात १९११ मध्ये कवी आपोलिनेरला काही दिवस इथेच ठेवलं होतं.

गोदाकाठ
वाचतेय. 'ल त्रू' आणि ब्रेसाँचा 'अ मॅन एस्केप्ड' यांची तुलना नेहमी होते. तिथेही बिगर-नटच होता ना मुख्य भूमिकेत?

तिसरी_घंटा
@गोदाकाठ, हो, फ्रांस्वा लतेरिए. १९५६ चा चित्रपट. तत्त्वज्ञानाचा विद्यार्थी होता, नट नव्हे. पुढे तो स्वतः दिग्दर्शक झाला. 'ले मोव्हे कू' (१९६१) मध्ये त्याच्याकडे सिमोन सिन्योरे होती. 'ट्रान्सपोर्टर'वाला लुई लतेरिए हा त्याचा मुलगा.

फरक असा की लतेरिए दुसऱ्याची गोष्ट करत होता. मूळ माणूस आंद्रे दव्हिन्यी, लियाँच्या मोंलुक तुरुंगातून जर्मनांच्या तावडीतून ऑगस्ट १९४३ मध्ये निसटला. ब्रेसाँ त्याच्या बिगर-नटांना 'मॉडेल' म्हणायचा आणि भाव काढून टाकायला लावायचा. लतेरिएच्या चेहऱ्यावर जे नाही, ते घालवलेलं आहे. केरोदीच्या चेहऱ्यावर जे नाही, ते मुळात तिथे गेलेलंच नव्हतं. म्हणून मी त्याला अभिनय म्हणायला कचरतो.

साहित्याची तुलना मात्र मस्त होते. ब्रेसाँकडे लोखंडी चमचा. तो जमिनीवर घासून धार काढलेला, आणि दारातल्या ओकच्या फळ्यांमधलं मऊ लाकूड त्याने कोरायचं. ओकला हात लावायचाच नाही. फळी फोडायची नाही, सांधा सोडवायचा. दोर गादी-पांघरुणाच्या चिंध्यांचा, त्यात खाटेची तार वळलेली. गळ कंदिलाच्या चौकटीचे. सगळं एकटा माणूस करतो आणि मनातलं आपल्याला सांगत राहतो. बेकरकडे पाच माणसं आणि मनातलं काहीच नाही.

मातीकाम
दोन्हीकडचं तत्त्व एकच आहे : जिथे दोन पदार्थ जोडलेत तिथे हल्ला करा. मोंलुकमध्ये फळ्यांचा सांधा. 'ल त्रू'मध्ये गटाराकडे जाणारी वाट काँक्रीटने बुजवलेली असते, तर ते काँक्रीट फोडण्याऐवजी बाजूच्या मातीतून वळसा घालून पलीकडे निघायचं ठरतं. जाड काँक्रीट फोडायला जेवढे दिवस लागतील त्यापेक्षा दुप्पट लांबीचा मातीतला वळसा स्वस्त पडतो.

धोका वेगळा : माती कोसळते, आणि चित्रपटात ती कोसळतेच. कारण साधं आहे. टेकू द्यायला लाकूड नाही आणि घाईत छत सपाट ठेवलं की मधला भाग लोंबतो नि सुटतो. कमानीसारखं गोल ठेवलं तर वरचं वजन दोन्ही बाजूंना जातं. पण गोल खणायला जास्त माती काढावी लागते, म्हणजे पुन्हा राडारोडा, पुन्हा वेळ. अशी कात्री.

दुर्बीण
आता दोन जुगाड, कारण केरोदीची खरी मजा तिथे आहे.

पहिला आरशाचा. दाराला टेहळणीचं छोटं भोक असतं, रखवालदाराने आत बघायला. कैदी तेच उलटं वापरतात. आरशाचा तुकडा टूथब्रशच्या दांड्याला बांधून भोकातून बाहेर सरकवायचा. साधारण ४५ अंशांत धरला की बोळ लांबवर दिसतो. दांडा बोटांत फिरवला की दुसरी बाजू. यात तीन अडचणी. आरसा भोकापेक्षा लहान हवा, म्हणून एका वेळी दिसणारा भाग चिंचोळा. बाहेर दिवा असेल तर काच चमकते, म्हणजे बघणाराच दिसतो. आणि हाताच्या थरथरीने चित्र दुप्पट हलतं, कारण आरसा जितका वळतो त्याच्या दुप्पट किरण वळतात. म्हणून मनगट दाराला टेकवून धरायचं.

हा आरसा बेकरने पेरून ठेवलाय. चित्रपटभर त्यात रिकामा बोळ किंवा एखाददुसरा रखवालदार दिसतो. शेवटी एकदा त्यात बघतात तर बोळ माणसांनी ठासून भरलेला. एवढंसं काचेचं चित्र, पण त्या क्षणी पोटात गोळा येतो.

दुसरा जुगाड वाळूच्या घड्याळाचा. खाली तळघरात वेळ कळत नाही आणि वर गस्तीच्या आत परतायचं असतं. औषधाच्या दोन छोट्या बाटल्या तोंडाला तोंड लावून जोडतात. पाण्याचं घड्याळ का नाही? पाण्याची पातळी उतरली की धार मंदावते. वाळूचं बरंचसं वजन बाटलीच्या भिंती पेलतात, त्यामुळे वेग शेवटच्या चिमटीपर्यंत जवळजवळ सारखा राहतो. पण वाळू कोरडी आणि चाळलेली हवी. ओलसर दाणे एकमेकांना चिकटून तोंडाशी कमान धरतात आणि घड्याळ मुकाट्याने बंद पडतं. बंद घड्याळ चुकीच्या घड्याळापेक्षा वाईट, कारण आपण वेळेत आहोत असंच वाटत राहतं. ढोबळ नियम असा की भोक दाण्याच्या किमान पाच-सहा पट रुंद हवं. मग माहीत असलेल्या एखाद्या ठोक्याशी ताडून वाळू कमी-जास्त करायची.

उलटी_चौकट
+१ आरशाच्या शेवटच्या शॉटला.

जेवणाच्या पुड्यांची तपासणी राहिली. घरून आलेले जिन्नस रखवालदार एकामागून एक कापतो, सगळ्याला तोच सुरा. त्यातून दोन गोष्टी कळतात : आत काही लपवून आणणं का अशक्य, आणि इथे माणसाची किंमत काय. एक शब्द बोलायला लागत नाही.

शांताराम_नव्हे
थोडं विरजण घालतो. इथे सगळे हत्यारांच्या प्रेमात पडलेत, पण ही माणसं कोण होती?

जोसे जोवानी, खरं नाव जोसेफ दामियानी. खून आणि खंडणीच्या प्रकरणात १९४८ साली फाशीची शिक्षा झाली. राष्ट्राध्यक्ष व्हँसाँ ओरिओल यांनी ती बदलून सक्तमजुरी केली. १९५६ च्या अखेरीस सुटला आणि वर्षभरात कादंबरीकार झाला. जर्मन ताब्यातल्या फ्रान्समधलं त्याचं वागणं, म्हणजे जर्मनांच्या बाजूने असणं, १९९३ मध्ये स्विस वृत्तपत्रांनी बाहेर काढलं. तोवर तो नामवंत लेखक-दिग्दर्शक होऊन बसला होता. गाबँ आणि दलाँचा 'द झॉम दाँ ला व्हिल' (१९७३) त्याचाच.

तेव्हा 'मैत्री, निष्ठा, कारागिरी' असं जे या चित्रपटात सोज्वळ दिसतं, ते कोणी सांगितलेलं आहे हे लक्षात ठेवावं. कोठडीतले चौघे काय करून आत आले ते चित्रपट सांगत नाही. गास्पारचा गुन्हा मात्र सविस्तर येतो : बायकोशी झटापट, बंदुकीची गोळी, मेहुणीशी प्रकरण. फितुराचा खटला आपल्याला पाठ, बाकीच्यांच्या पाट्या कोऱ्या. याला मी हातचलाखी म्हणतो.

पडद्यामागे
@शांताराम_नव्हे, मुद्दा वजनदार आहे आणि टाळण्यासारखा नाही. माहितीतली ही असमानता मुद्दामच केलेली आहे. मी तिच्याकडे थोडं वेगळं बघतो. गास्पार हाच बोलून स्वतःला समजावून सांगणारा माणूस आहे. तुरुंगाधिकाऱ्याला, सोबत्यांना, जाळीपलीकडच्या निकोलला, प्रत्येकाला त्याची बाजू ऐकवायची असते. रोलाँ कोणालाही काही समजावत नाही. म्हणून एकाची कहाणी कळते, दुसऱ्याची नाही. पण हो, या चौकटीचा फायदा जोवानीला मिळतो, हे मान्य. पडद्यावरचा मानू, म्हणजे फिलिप लरुआची भूमिका, ही त्याचीच प्रतिमा मानली जाते, आणि मानू अगदीच निष्कलंक दिसतो.

(निकोल म्हणजे कातरीन स्पाक. अगदी कोवळ्या वयात केलेली छोटी भूमिका. पुढे तिने इटलीत नाव काढलं.)

तिसरी_घंटा
शांताराम_नव्हे यांच्याशी बराचसा सहमत. फक्त त्याच कोठडीतला जेओ विसरू नका. आई आजारी आहे, मी पळालो तर पोलीस तिला छळतील, म्हणून मी खणायला मदत करेन पण निघणार नाही, असं तो सांगतो आणि खरंच पाळ्या करतो. ज्याला जायचंच नाही तो खणतोय. हे सोज्वळ आहे, पण खोटं वाटत नाही, त्याचं श्रेय मिशेल काँस्तांतँला.

आणि काँस्तांतँही नट नव्हताच! व्हॉलीबॉलपटू आणि क्रीडा पत्रकार. हा त्याचा पहिला मोठा चित्रपट, नंतर मात्र पन्नाशीपुढेही गुंडांच्या भूमिकांत चलनी नाणं. मेलव्हिलच्या 'ल दझिएम सुफ्ल'मध्ये (१९६६) तो आहे, आणि ती कादंबरीही जोवानीचीच.

गोदाकाठ
म्हणजे एक खरा कैदी, एक व्हॉलीबॉलपटू... लरुआ तरी नट होता की तोही नव्हता?

उलटी_चौकट
😀 लरुआ सैन्यातून आलेला. याआधीची कारकीर्द जवळजवळ नाहीच. नंतर इटलीत स्थायिक झाला. मधेच गोदारच्या 'यून फाम मारिए'मध्ये (१९६४) नवऱ्याची भूमिका, १९७१ मध्ये इटालियन दूरचित्रवाणीवर लिओनार्दो दा विंची. आणि आपल्याकडच्यांना जवळची गोष्ट : १९७६ च्या 'सांदोकान' मालिकेत कबीर बेदीच्या शेजारी उभा असणारा यानेझ म्हणजे हाच लरुआ. २०२४ मध्ये गेला.

बेकरची ही सवय जुनी. 'तूशे पा ओ ग्रिस्बी'मध्ये (१९५४) त्याने लिनो व्हेंतुरा नावाच्या कुस्तीगिराला गाबँसमोर उभं केलं. व्हेंतुरा पुढे केवढा मोठा तारा झाला ते सगळ्यांना ठाऊक आहे. या प्रकारच्या निवडीचा धंद्याच्या अंगानेही उपयोग आहे. तारा नसला की शेवटी कोण वाचणार याचा अंदाज बांधता येत नाही. गाबँ कोठडीत असता तर आपण पहिल्या दहा मिनिटांत निर्धास्त झालो असतो.

फ्रेंच_कट्टा
केरोदी अपरिचित का राहिला याचं एक कारण तारखांतही आहे. १९६० सालचा मार्च बघा. १६ तारखेला गोदारचा 'आ बू द सुफ्ल', १८ ला 'ल त्रू', २३ ला क्लोद सोतेचा 'क्लास तू रिस्क'. आठ दिवसांत तिन्ही. पहिल्या आणि तिसऱ्यात बेलमोंदो, आणि तिसऱ्याची कादंबरी पुन्हा जोवानीची. त्या आठवड्यात वर्तमानपत्रांना कोणाचा चेहरा छापायचा होता ते सांगायला नको. शिवाय 'ल त्रू'चा दिग्दर्शक महिन्याभरापूर्वी वारलेला, मुलाखत द्यायला कोणी नाही. कान महोत्सवाच्या स्पर्धेत गेला, पण हाती काही लागलं नाही.

मार्क मिशेलचं मात्र भलं झालं. दिग्दर्शक ज्याक दमीने त्याला 'लोला' (१९६१) आणि 'ले पाराप्लुई द शेर्बूर' (१९६४) या दोन्ही चित्रपटांत एकाच पात्रासाठी घेतलं, रोलाँ कासार. योगायोग बघा, गास्पारला पुढे नाव मिळालं रोलाँ.

मातीकाम
पाहणाऱ्यांसाठी एक सूचना. साधारण सव्वादोन तासांची प्रत शोधा. आवाज मोठा ठेवा, शक्यतो हेडफोन लावा. खालच्या मजल्यावरच्या पावलांचा आणि वरच्या पावलांचा आवाज वेगळा आहे, काँक्रीटवरचा घाव आणि दगडावरचा घावही वेगळा. लॅपटॉपच्या स्पीकरवर हे सगळं एकच 'ठक ठक' होऊन जातं आणि अर्धा चित्रपट वाया.

तिसरी_घंटा
काल जमीन फोडण्याचं दृश्य पुन्हा लावलं, तीनदा. पडद्यामागे, तुमचं निम्मं मान्य करतो. हातांपेक्षा मला आता शेवटचं दृश्य महत्त्वाचं वाटतं. चौघांना अंतर्वस्त्रांवर भिंतीशी उभं केलंय. गास्पारला दुसऱ्या कोठडीकडे नेतात. रोलाँ त्याच्याकडे बघून एवढंच म्हणतो, बिचारा गास्पार. त्यात शिवी नाही, क्षमाही नाही. ते वाक्य हातांनी म्हणता येत नाही, तिथे नटच लागतो. बारा वर्षांपूर्वी खरोखर फसवला गेलेला माणूस ते वाक्य इतकं कोरडं कसं म्हणू शकतो, हे मला कळत नाही.

पडद्यामागे
खऱ्या आयुष्यात तो असंच म्हणाला होता असं कुणी समजू नये. ते संवादलेखन आहे. म्हणूनच तो अभिनय.

दुर्बीण
अजून एक खोच. पहिल्या दृश्यात तो मोटारीपाशी मोकळा उभा आहे, हात पुसतोय, 'ही माझी गोष्ट' म्हणतोय. त्यामुळे आपण दोन तास मनात धरून बसतो की हा सुटणार. मानू आणि गास्पार मॅनहोलचं झाकण उचलून रस्ता बघतात, टॅक्सी बघतात आणि बाकीच्यांना आणायला परत जातात, तेव्हा तर खात्रीच पटते.

गोदाकाठ
थांबा, पण तो सुरुवातीला 'मी पळालो' असं म्हणतो ना?

दुर्बीण
परत ऐका. कुठे घडलं ते सांगतो, साल सांगतो. पळालो असं म्हणतच नाही.